सगळी पुस्तकं बाहेर हायत

मी एका कादंबरीचं परीक्षण तिचा निम्माच भाग वाचून लिहिलं आणि त्यात तिच्या शेवटाची तोंडभरून स्तुती केली.

हे मुद्दाम केलं असतं तर निदान लबाडीचं श्रेय तरी मिळालं असतं. मी ते अगदी प्रामाणिकपणे केलं. मला वाटलं, कादंबरी तिथंच संपते.

झालं असं. मी कोल्हापुरातल्या एका कॉलेजात मराठी शिकवतो. लोकप्रिय कादंबरीच्या मर्यादा हा माझा खास विषय. त्यावर माझं एक पुस्तक आहे, चर्चासत्रांतली भाषणं आहेत, आणि तोवर मी एकही लोकप्रिय कादंबरी पहिल्या पानापासून शेवटच्या पानापर्यंत वाचलेली नव्हती. चाळल्या होत्या. मर्यादा दाखवायला तेवढं पुरतं. मग पुण्याच्या एका मासिकानं त्या वर्षी हातोहात खपलेल्या एका कादंबरीवर लिहायला सांगितलं. विकत घेताना कुणी विद्यार्थ्यानं पाहिलं तर काय, म्हणून मी आमच्या पेठेतल्या सार्वजनिक वाचनालयातून ती आणली. भक्कम पुठ्ठा, काळं कापड, पाठीवर लाल रंगाचा ठिपका.

त्या कादंबरीत वैजयंता नावाची एक सून सासर सोडते. एका हातात पिशवी, दुसऱ्या हातात मुलीचं बोट. एसटी स्टँडवर येऊन उभी राहते. गाडी अजून लागलेली नाही. पान संपतं, पुस्तक संपतं. मी थरारलो. एका खपाऊ लेखकानं पहिल्यांदाच वाचकाला उत्तर द्यायचं नाकारलंय, असं लिहिलं. रिकाम्या फलाटावर एक अख्खा परिच्छेद लिहिला. 'धीट' आणि 'अधांतर' हे शब्द दोन-दोनदा वापरले.

मासिक छापून आलं, वाचनालयाच्या टेबलावर पडलं. चार दिवसांनी मी गेलो तर देवघेवीच्या खिडकीत तिथल्या ग्रंथपाल अक्का तेच वाचत बसलेल्या. मला पाहून उठल्या, आतल्या कपाटातून काळ्या कापडाचं एक पुस्तक आणलं आणि माझ्यासमोर सरकवलं. पाठीवर हिरवा ठिपका होता.

"हिरवा न्यायचा ऱ्हायलाय तुमचा, सर."

मी विचारलं, हे काय?

"तिची गाडी. लागली की फलाटाला. दोनशे पानं म्होरं गेलीया ती."

अक्कांची पद्धत अशी होती. जाड आणि मागणी असलेली कादंबरी आली की एकजण ती पंधरा दिवस अडवून बसतो आणि मागं रांग लागते. म्हणून अक्का नवी कादंबरी मधोमध कापून दोन पुस्तकं बांधायच्या. लाल ठिपका पूर्वार्ध, हिरवा उत्तरार्ध. एकीचा लाल संपला की ती हिरवा न्यायची, लाल दुसरीला मोकळा. पेठेतल्या शेवग्याच्या शेंगा विकणाऱ्या मावशींनाही हे ठाऊक होतं. मला नव्हतं, कारण कादंबऱ्यांच्या कपाटांकडं मी कधी फिरकलोच नव्हतो.

बरं, मधोमध म्हणजे पानं मोजून नव्हे. कुठं कापायचं हे ठरवायला अक्का आधी अख्खी कादंबरी वाचायच्या. लाल संपवणाऱ्याला हिरवा मिळेपर्यंत झोप लागता कामा नये, अशी जागा त्या हेरायच्या. म्हणजे मी ज्या शेवटाची स्तुती केली तो लेखकाचा नव्हताच. अक्कांचा होता.

दोन दिवसांनी लेखकाचा फोन आला. माणूस सभ्य होता. "सर, पुढच्या आवृत्तीत तिथंच थांबवू का?" एवढंच विचारलं.

अक्का म्हणजे सुनंदा मगदूम. पेठ वडगावच्या एका जैन शेतकरी घरातल्या. लग्न केलं नाही, भावाकडं राहायच्या आणि रोज एसटीनं कोल्हापूरला यायच्या. वाचन सगळं गाडीत. खिडकीकडची जागा मिळाली नाही तर उभ्यानं, दांड्याला कोपर अडकवून. कंडक्टर त्यांना कुठपर्यंत विचारायचा नाही, कुठपर्यंत आलं विचारायचा.

बांध्यानं ठेंगण्या, आवाजानं उंच. वाचनालयात शांतता पाळा अशी पाटी होती आणि ती अक्कांच्या डोक्यावरच टांगलेली होती. दिवस मावळायच्या आत जेवण, हा घरचा नेम. हिवाळ्यात पावणेसहा वाजले की टेबलाखालून डबा निघायचा आणि पुढची दहा मिनिटं अध्यक्ष आले तरी पुस्तक मिळायचं नाही. जुना बांधणीवाला काम सोडून गेल्यावर बांधणी त्या स्वतःच शिकल्या. खळ शिजवायच्या, कीड लागू नये म्हणून तीत मोरचूद घालायच्या, दाभणानं शिवायच्या. बोटाला थुंकी लावून पान उलटणारा दिसला की खिडकीतून ओरड यायची, "मोरचूद हाय त्यात. पोटात गेलं तर मला सांगायला येऊ नका."

पुस्तक परत आलं की अक्का ते उघडत नसत. मिटलेलं पुस्तक उजेडात आडवं धरून पानांच्या कडा बघायच्या. जिथवर लोकांनी वाचलं तिथवर कडा बोटांनी मळलेली, जिथं सोडलं तिथून पुढं पांढरी. गाजलेल्या, बक्षीस मिळालेल्या एका कादंबरीची कडा त्यांनी मला दाखवली होती. चाळीसएक पानं करडी, पुढं थेट दुधासारखी. मी म्हणालो, साहित्याचं मोल असं मळावरून ठरत नसतं अक्का. त्या म्हणाल्या, मोल तुमी ठरवा, मी फकस्त कुटं सोडलं ते बघतो. मग मी जरा भीतभीतच माझ्या पुस्तकाची चौकशी केली. त्यांनी ते काढून उजेडात धरलं. पहिल्या पानापासून शेवटच्यापर्यंत पांढरंशुभ्र.

"लई जपून वापरलंय लोकांनी," अक्का म्हणाल्या.

आता कुणी म्हणेल, ही खपाची भक्त बाई. तसं नव्हतं. एकदा वाचनालयात एका तुफान खपाच्या लेखकाचा सत्कार ठेवला होता. शाल, नारळ, फेटा झाला. लेखक म्हणाले, वाचक हाच माझा समीक्षक. अक्का नारळाची पिशवी घेऊन बाजूला उभ्या होत्या. त्यांनी तिथंच विचारलं की तुमची पाचवी कादंबरी म्हणजे तिसरीच की. सभा हसली. लेखकही हसले. अक्का हसल्या नाहीत. त्यांनी मामाच्या घराचं वर्णन, आजारपण, कोर्टातला प्रसंग, सगळं ओळीनं जोडून दाखवलं. शेवटी म्हणाल्या, माणसांची नावं बदललीसा, पण शेवटाकडं एका ठिकाणी जुन्याच मामीचं नाव ऱ्हायलंय. लोक तुमच्यासाठी पाळी लावून बसत्यात, त्यास्नी शिळं वाढू नका. लेखकांनी फेटा काढून मांडीवर घेतला. वीस वर्षं मी जे सिद्धांत लावून सांगत होतो ते या बाईनं मामीचं नाव धरून पाच मिनिटांत सांगितलं, आणि तेही त्या माणसाच्या तोंडावर. मी अशी टीका नेहमी दुसऱ्या गावात करतो.

पण हे शहाणपण मला आत्ता सुचतंय. त्या वेळी परीक्षणाची गोष्ट कॉलेजभर झाली होती. स्टाफरूममध्ये कुणी अर्धा चहा मागितला तरी मला तो टोमणा वाटायचा. हिरव्या ठिपक्याचं पुस्तक मी घरी नेलंच नाही. आणि नेमकं तेव्हाच वाचनालयाच्या अध्यक्षांनी मला बोलावलं. अध्यक्ष म्हणजे आमच्याच कॉलेजचे निवृत्त प्राचार्य. मी पुस्तक निवड समितीत होतो. प्राचार्यांच्या मनात वाचनालयात एक संशोधन दालन काढायचं होतं, जागा नव्हती. अक्कांच्या लाल-हिरव्या कादंबऱ्यांची आठ कपाटं तिथं उभी होती. ती बाद करावीत का, एवढा अहवाल मी द्यायचा होता.

मी तो एका बैठकीत लिहिला. इतक्या झपाट्यानं मी आयुष्यात काही लिहिलेलं नाही. 'ही पुस्तके वाचकाच्या डोळ्यांतून खोटे अश्रू काढतात', हे वाक्य त्यातलंच. यादी पाठीवरची नावं वाचून केली. आठही कपाटं बाद करून रद्दीत काढावीत, असा ठराव कार्यकारिणीत झाला आणि टेम्पोचा दिवसही ठरला.

अक्का दुसऱ्या दिवशी कॉलेजात आल्या. इतक्या वर्षांत पहिल्यांदाच. स्टाफरूमच्या दारात चप्पल काढून आत आल्या, खुर्ची दिली तरी बसल्या नाहीत.

"यादी तुमीच केलीसा?"

मी हो म्हणालो.

"त्यातली किती वाचलीसा?"

मी निकषांबद्दल बोलू लागलो. अभिरुची, सार्वजनिक जागेचा उपयोग. त्या शांतपणे ऐकत होत्या. मग पुन्हा म्हणाल्या, "किती?"

"एक," मी म्हणालो.

"अर्धी," अक्का म्हणाल्या. "बाकी मी समद्या वाचल्यात. शिवल्यात बी. माझ्या हातची हायत ती, सर. रद्दीत जायची न्हाईत."

रडल्या नाहीत, विनवणी केली नाही. निवृत्तीला त्यांचे काही महिने उरले होते आणि पुढं दोन वर्षांची मुदतवाढ प्राचार्यांनी तोंडी कबूल केली होती. हे त्यांना ठाऊक होतं, मलाही. चप्पल घालून त्या गेल्या आणि स्टाफरूममध्ये कुणीतरी म्हणालं, बाई भांडली असती तर बरं झालं असतं, हिची भीती वाटते.

पुढचे दहा दिवस पेठेत काहीतरी चाललं होतं, पण मी समीक्षक असल्यामुळं माझ्या ते लक्षात आलं नाही. तालमीचे वस्ताद स्कूटरवरून पोतं नेताना दिसले. मला वाटलं, म्हशीला पेंड. वस्ताद हे वाचनालयाचे जुने सभासद. कौटुंबिक कादंबऱ्या न्यायचे, वर्तमानपत्राचं कव्हर घालून, पोरांना कळू नये म्हणून. पिठाच्या गिरणीत फळीवर डब्यांच्या मागं पुस्तकांच्या पाठी दिसल्या. वाडीला दत्ताच्या दर्शनाला गेलो तर तिथल्या पेढेवाल्याच्या गल्ल्याशेजारी हिरवे ठिपके. आमच्या घरीही बायकोनं पिशव्या भरभरून काहीतरी आणून कॉटखाली सारलं. मी विचारलं तर म्हणाली, तुमच्या कामाचं नाही.

ठरलेल्या दिवशी टेम्पो दारात लागला. प्राचार्य, मी, आणखी दोघं सदस्य आत गेलो. आठही कपाटं उघडी, आणि आत खालच्या कप्प्यात अंथरलेला वर्तमानपत्राचा कागद. एक पुस्तक नाही. अक्का खिडकीत बसून शिक्क्याची तारीख बदलत होत्या.

प्राचार्यांनी विचारलं, पुस्तकं कुठं आहेत?

"सगळी पुस्तकं बाहेर हायत."

"बाहेर म्हणजे?"

"लोकांनी वाचायला नेल्यात. वाचनालय हाय की हे." अक्कांनी देवघेवीचं रजिस्टर पुढं केलं आणि त्यावर नियमावलीची पुस्तिका ठेवली, पान दुमडून. वाचकाच्या हातात असलेलं पुस्तक परत आल्याशिवाय बाद करता येत नाही, असं कलम होतं. प्राचार्यांनीच कधीकाळी ते लिहिलं होतं.

प्राचार्य कच्चे नव्हते. त्यांनी दुसरं कलम काढलं. एका सभासदाला एका वेळी दोनच पुस्तकं.

"ते मी मोडलोय," अक्का म्हणाल्या. "लिवून घ्या, सही करतो. माझ्यावर काय करायचं ते करा. पण पुस्तक पयलं माघारी येऊ दे, मग बाद करा. आणि लोक कवा आणून देत्यात, ते मी कसं सांगू?"

प्राचार्य रजिस्टर चाळू लागले. मनातून मला हे सगळं आवडायला लागलं होतं, आणि ते लपवण्यासाठी मी कपाळाला आठ्या घालून उभा होतो. प्राचार्यांचं बोट एका नावावर थांबलं. त्यांनी चष्म्यावरून माझ्याकडं पाहिलं. माझं नाव होतं. सव्वीस पुस्तकं. बायकोनं माझ्या कार्डावर नेली होती.

आयुष्यात एकदाच शूर व्हायची संधी मला मिळाली होती. अक्का माझ्याकडं बघत होत्या.

"संशोधनासाठी," मी म्हणालो.

टेम्पो मोकळा गेला. मग महिनाभर वाचकांना स्मरणपत्रं गेली. एकही पुस्तक आलं नाही. वार्षिक सभेला एरवी कार्यकारिणी आणि चहावाला सोडून चार माणसं असतात. या वेळी जिन्यात माणसं उभी होती. प्राचार्यांनी भूमिका मांडली आणि माझा अहवाल वाचून दाखवला. चांगला वाचला. खोट्या अश्रूंचं वाक्य आलं तेव्हा मागून वस्ताद उठले. सत्तरीचा माणूस, कान मोडलेले, हातात टोपी. सगळ्यांच्या देखत आपण काय वाचतो हे त्यांना त्या दिवशी पहिल्यांदाच सांगायचं होतं, आणि कुस्तीला उतरावं तसे ते दोन पावलं पुढं आले.

"सर, ती पुस्तकं वाचताना मी रडतोय. वीस वर्सं रडतोय. बायकू गेली तवा बी एवढा रडलो न्हाय, तवा जमलंच न्हाय. आता तुमी म्हणतासा, ते खोटं. मग खरं कसं रडायचं ते दाखवा की हितं येऊन. मी शिकतो."

ठराव रद्द झाला, हात मोजायचीही गरज पडली नाही.

पण प्राचार्यांनी दुसरं कलम सोडलं नव्हतं. नियमभंगाच्या नोंदीखाली अक्कांची सही होती, आणि तिच्यावर बोट ठेवून मुदतवाढ नाकारली गेली. लोकांनी पुन्हा सभा बोलवू म्हणून धरलं. अक्कांनीच नको म्हटलं. नियम मोडलाय तर मोडलाय, मी काय चुकून मोडला न्हाय, म्हणाल्या. शेवटच्या दिवशी पोत्यांनी, पिशव्यांनी पुस्तकं परत येत होती. अक्का एकेकाचं नाव खोडत होत्या. संध्याकाळपर्यंत सगळी आली, दोन सोडून. ती दोन्ही माझ्या घरी निघाली.

कारण मी ती वाचत होतो. कॉटखालची सव्वीस मी वाचली. वैजयंतेच्या गाडीचं काय झालं तेही वाचलं. थोर कादंबरी नव्हती ती. दोन ठिकाणी लेखकानं मला उघडउघड फसवलं आणि एक मृत्यू तर निव्वळ सोयीसाठी घातलेला. पण मुलगी गाडीत उलटी करते आणि वैजयंता आपला लग्नातला शालू फाडून तिचं तोंड पुसते, तिथं मी पुस्तक मिटून गॅलरीत जाऊन उभा राहिलो. बायकोनं विचारलं, काय झालं? धूळ, म्हणालो.

आणि मग मी पुन्हा चूक केली. लेख लिहिला. तीस पानी, तळटीपांसह. लोकप्रिय कादंबरीची बाजू घेणारा. माझ्या जुन्या पुस्तकातली मतं मी त्यात स्वतःच खोडली होती, अक्कांचा गौरव केला होता, वस्तादांचं बोलणं घातलं होतं. मासिकाला धाडण्याआधी अक्कांना वाचून दाखवावा म्हणून वडगावला गेलो. बाजाराचा दिवस होता. घराच्या पुढच्या सोप्यात अक्का पाय पसरून बसलेल्या, सुपात भुईमुगाच्या शेंगा, मांडीवर उघडी कादंबरी आणि ती मिटू नये म्हणून तिच्यावर अडकित्ता. हातानं शेंगा फोडत होत्या, डोळे पानावर. मला बघून बसा म्हणाल्या, पण पान संपेपर्यंत थांबायला लावलं. भावजयीनं ताक आणून दिलं.

मी वाचायला लागलो. अक्का शेंगा फोडता फोडता ऐकत होत्या. बाजारातून परतणाऱ्या दोघी-तिघी बायका उंबऱ्याशी टेकल्या. मी आवाज चढवला. दहाव्या पानाला एक उठून गेली. विसाव्याला दुसरी. मी तिसाव्यापर्यंत नेटानं गेलो, कागद जुळवले आणि अक्कांकडं बघितलं.

अक्कांनी सूप बाजूला सारलं. हात झटकले. मग म्हणाल्या, "सर, एवढं छापू नका. तुमी चांगलं म्हटलासा असं कळलं, तर लोक ती पुस्तकं वाचायची न्हाईत."